खोलीबाहेर प्रलय, खोलीत भांडण : ‘जे अँड सेथ व्हर्सेस द अपोकॅलिप्स’

बाहेर जग संपलंय, दोन मित्र एका घरात कोंडून बसलेत आणि एकमेकांच्या जिवावर उठायची वेळ आली आहे. ‘जे अँड सेथ व्हर्सेस द अपोकॅलिप्स’ची गोष्ट एवढीच. ऐवज साधारण दहा मिनिटांचा. सहा वर्षांनी यातूनच ‘धिस इज द एंड’ हा मोठा सिनेमा झाला, त्यामुळे बहुतेकांना हा लघुपट त्या सिनेमाचा कच्चा खर्डा म्हणूनच माहीत आहे. आमच्या मते ही ओळख त्याच्यावर अन्याय करते. दोन नट आणि चार भिंती एवढ्या भांडवलावर विनोदी लघुपट कसा उभा राहतो, हे शिकायचं असेल तर मोठ्या सिनेमापेक्षा हा धाकटाच जास्त कामाचा आहे. छत्रपती संभाजीनगर, लातूर, नांदेड, परभणीकडे जी मुलं मोबाइलवर किंवा भाड्याच्या कॅमेऱ्यावर लघुपट करतायत त्यांनी तो मुद्दाम मिळवून पाहावा. कसा मिळवायचा ते शेवटी दिलं आहे, कारण त्यात पैसे वाया जाण्याच्या दोन-तीन जागा आहेत.

लघुपट २००७ सालचा. दिग्दर्शन जेसन स्टोन यांचं, लेखन स्टोन आणि इव्हान गोल्डबर्ग यांचं. पडद्यावर सेथ रोगन आणि जे बरुशेल, दोघंही कॅनडाचे, दोघांचाही जन्म १९८२ चा. त्या वर्षीच्या उन्हाळ्यात दोघं ‘नॉक्ड अप’मध्ये एकत्र दिसले होते, आणि रोगन-गोल्डबर्ग या जोडीने लिहिलेला ‘सुपरबॅड’ही त्याच उन्हाळ्यात आला. म्हणजे हे लोक नुकते नावारूपाला येत होते. या लघुपटाचा साधारण दीड मिनिटाचा ट्रेलर २००७ च्या जूनमध्ये यूट्यूबवर आला, आणि गंमत अशी की पुढची कित्येक वर्षं लोकांना फक्त ट्रेलरच पाहायला मिळाला. पूर्ण लघुपट लोकांच्या हाती पडला तो २०१३ मध्ये, मोठ्या सिनेमाच्या ब्लू-रे (डीव्हीडीच्या पुढच्या पिढीची) डिस्कवर, पुरवणी साहित्यात, म्हणजे सिनेमासोबत दिलेल्या जास्तीच्या चित्रफितींत.

नुसत्या ट्रेलरवर मोठ्या सिनेमाचं दार उघडलं याचं कारण कल्पनेचा नेटकेपणा. गोष्ट एका दमात सांगता येते आणि ऐकणाऱ्याच्या डोळ्यापुढे लगेच चित्र उभं राहतं. आपल्याकडे लघुपटांच्या ट्रेलरमध्ये उरलेसुरले चांगले संवाद ठासून भरतात, त्यामुळे पूर्ण लघुपट बघताना हशा शिळा होतो. इथे ट्रेलर परिस्थिती विकतो. दोघं कोण, कुठे अडकलेत, त्यांचं का पटत नाही, इतकं कळलं की बाकीचं बघणाऱ्याच्या मनात आपसूक सुरू होतं.

यातला विनोद मापाच्या गडबडीतून येतो. संकट आभाळाएवढं आणि भांडण वाटीभर. बाहेरचं जितकं मोठं, तितकं आतलं क्षुल्लक राहिलं पाहिजे, आणि भांडणाऱ्यांना मात्र ते क्षुल्लक वाटता कामा नये. नट जर ‘बघा, आम्ही किती फालतू गोष्टीवर भांडतोय’ अशा आविर्भावात खेळले तर दुसऱ्या मिनिटाला सगळं मरतं. रोगन आणि बरुशेल ही चूक करत नाहीत. दोघंही आपापल्या बाजूने शंभर टक्के खरे आहेत.

तमाशातली बतावणी ज्यांनी नीट पाहिली आहे त्यांना ही रचना लगेच ओळखू येईल. बतावणीत नेपथ्य नसतं, दोघं-तिघं उभे राहतात, एक जण एका मुद्द्यावर अडून बसतो, दुसरा त्याला तिथून हुसकायला बघतो, आणि हुसकता हुसकता स्वतःच अडकतो. वरचढपणा सारखा इकडून तिकडे जातो, तिथेच हशा. लघुपट लिहिताना संहितेच्या समासात प्रत्येक संवादापुढे या क्षणी कोण वरचढ आहे त्याचं आद्याक्षर लिहून बघावं. एकच अक्षर सलग आठ-दहा संवाद आलं, तर तो भाग पडद्यावर रेंगाळणार हे नक्की. दहा मिनिटांत पारडं निदान बारा-पंधरा वेळा फिरलं पाहिजे. दहा पानांची संहिता साधारण दहा मिनिटं भरते हा हिशेब मात्र अशा भांडणात चुकतो. दोघं एकमेकांच्या तोंडावर बोलत असल्याने अकरा-बारा पानंही दहा मिनिटांत संपतात.

दोघं आपापल्या नावानेच वावरतात, आणि याचा फायदा असा की ओळख करून देण्यात वेळ जात नाही. जे म्हणजे जे, सेथ म्हणजे सेथ. दोघांची मैत्री जुनी आहे, एकाला दुसऱ्याचे दुखरे कोपरे माहीत आहेत, हे प्रेक्षक आधीच मान्य करून बसतो. पण आपल्याकडच्या नव्या मुलांनी ही युक्ती जशीच्या तशी उचलू नये. पडद्यावरच्या दोघांना कुणी ओळखत नसेल तर स्वतःचं नाव वापरून काहीच मिळत नाही. त्याजागी असं नातं घ्यावं ज्यातलं भांडण सांगावं लागत नाही. रूम पार्टनर, साडू, जावा-जावा, एका भिंतीचे दोन शेजारी. साडू म्हटलं की निम्मं काम झालंच. जावा-जावांवर तर असा लघुपट व्हायलाच हवा. मूळ कृतीत बाईचं जग पूर्ण गैरहजर आहे, आणि ही तिची खरी उणीव आहे. एका स्वयंपाकघरात कोंडलेल्या दोन जावा, बाहेर जगाचा शेवट, आणि तांदळाचा डबा कुणाच्या वाटणीचा हा प्रश्न. त्यात मूळ लघुपटापेक्षा खोल काहीतरी सापडेल.

आता मोठ्या भावाबद्दल. ‘धिस इज द एंड’ अमेरिकेत जून २०१३ मध्ये आला. दिग्दर्शन रोगन आणि गोल्डबर्ग यांचं, खर्च अंदाजे ३ कोटी २० लाख डॉलर, जगभरची कमाई सुमारे १२ कोटी ६० लाख डॉलर. चित्रण न्यू ऑर्लिअन्सला झालं. जेम्स फ्रँको या नटाच्या घरी पार्टी चालू असताना बायबलमधल्या शेवटच्या दिवसाला सुरुवात होते, जमीन फाटते, आवारात भलंमोठं भगदाड पडून नामवंत पाहुणे गडप होतात, आणि रोगन, बरुशेल, फ्रँको, जोना हिल, क्रेग रॉबिन्सन, डॅनी मॅकब्राइड असे सहा जण त्या घरात उरतात. या सगळ्या पसाऱ्यात सर्वात जास्त हसू कुठे येतं? घरात काय काय खायला उरलंय त्याची मोजदाद करताना, आणि एका चॉकलेटवरून. म्हणजे लघुपटाचं बी जिथे जसंच्या तसं रुजलं आहे तिथेच. राक्षस, आग, ढासळणारं शहर हा सगळा खर्च डोळ्यांना दिसतो, पण त्या वेळी हसू पातळ होतं. मोठ्या सिनेमाने मिळवलेलं एक मात्र मान्य करावं लागेल. लघुपटातल्या मैत्रीतला कडवटपणा तिथे पुरता उलगडतो. जे परगावाहून मित्राकडे आलाय, मित्राला नवी मोठी माणसं भेटलीत, आणि जुन्याला त्या घोळक्यात परकं वाटतंय. गावाकडून पुण्याला गेलेल्या मित्राच्या फ्लॅटवर उतरलेल्या कुणालाही हे कळेल. दहा मिनिटांत एवढं बसत नाही.

एका खोलीतला प्रलय मुख्यतः कानाने उभा राहतो. आपल्याकडचे बहुतेक असे प्रयत्न इथेच फसतात, म्हणून यावर जरा थांबतो.

बाहेर काहीतरी भयंकर चाललंय हे दाखवायचं नसेल तर ऐकवावं लागतं, आणि ते ऐकवण्याआधी खोली गप्प करावी लागते. मराठवाड्यातली साधारण भाड्याची खोली म्हणजे दहा बाय बारा, गुळगुळीत प्लास्टर, फरशी, वर स्लॅब किंवा पत्रा. अशा खोलीत टाळी वाजवली की आवाज घुमतो आणि तो घुमारा संवादाला चिकटतो. नंतर कुठल्याही सॉफ्टवेअरने तो नीट निघत नाही. उपाय स्वस्त आहे. कॅमेऱ्यात न दिसणाऱ्या दोन भिंतींवर गोधड्या किंवा जाड सतरंज्या टांगाव्यात, भिंतीपासून चार बोटं सोडून. खाली सतरंजी, तीही कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर. पत्रा असेल तर आतून चादर ताणावी. गोधडी जितकी जुनी आणि जाड तितकी चांगली. पातळ चादरीने फक्त सी-सी असा वरचा आवाज कमी होतो, घुमारा तसाच राहतो.

कूलर, पंखा आणि फ्रिज टेकच्या, म्हणजे प्रत्यक्ष चित्रणाच्या, वेळी बंद. फ्रिजचं विसरतंच, आणि कॉम्प्रेसर नेमका चांगल्या टेकच्या मध्ये सुरू होतो. फ्रिज बंद केला की त्यात गाडीची किल्ली ठेवायची जुनी युक्ती आहे. निघताना किल्ली घ्यायला गेलात की फ्रिज परत चालू करायची आठवण होते. दोघांना वेगवेगळे कॉलर माइक, हनुवटीपासून साधारण एक वीत खाली, सुती कपड्यात. नायलॉनचा किंवा टेरिकॉटचा शर्ट असेल तर प्रत्येक हालचालीला खसखस येते. आवाज ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर घ्यावा. रेकॉर्डरच्या मापकावर (जिथे शून्याला आवाज फाटतो) साधं बोलणं उणे १२ डेसिबलच्या आसपास आणि सगळ्यात मोठी किंकाळी उणे ६ च्या वर जाणार नाही असं पाहावं. भांडणाच्या प्रसंगात नट तालमीपेक्षा जोरात बोलतात, त्यामुळे तालमीवर बसवलेली पातळी फाटते. तालमीत शेवटचा सगळ्यात मोठा आरडाओरडा आधी करून घ्यावा आणि त्यावर पातळी ठरवावी.

दोन्ही माइक वेगवेगळ्या ट्रॅकवर असणं अशा लघुपटात सक्तीचं समजा. भांडणारी माणसं एकमेकांचं बोलणं तोडतात. एकाच ट्रॅकवर दोघांचा आवाज आला आणि तो क्लोजअप असला, तर संकलनाला तिथे कात्री लावता येत नाही. एकाचं वाक्य ठेवलं की दुसऱ्याचं अर्धं सोबत येतं. यावर मधला मार्ग असा की दोघं चौकटीत असतानाच्या शॉटमध्ये मनसोक्त तोडातोडी करू द्यावी, आणि क्लोजअप घेताना समोरच्याने आपलं वाक्य अर्धा सेकंद उशिरा टाकावं. तोडातोडी नंतर संकलनात करता येते. प्रत्येक जागी नट निघून जाण्याआधी एक मिनिटभर खोलीची शांतता रेकॉर्ड करायला विसरू नये. संवादांमधली भोकं बुजवायला तीच लागते.

मग बाहेरचा प्रलय. बहुतेक जण इंटरनेटवरून खोल गडगडाटाचा आवाज उतरवतात आणि मोठ्या स्पीकरवर ऐकून खूश होतात. पण लघुपट बघितला जातो मोबाइलवर, आणि मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरवर साधारण २०० हर्ट्झच्या खालचं जवळजवळ वाजतच नाही. ४० हर्ट्झचा तो भारी गडगडाट तिथे पूर्ण नाहीसा होतो आणि नट उगाच दचकल्यासारखे दिसतात. म्हणून गडगडाटाच्या जोडीला वरच्या पट्टीतलं काहीतरी हवंच. फडताळातल्या वाट्यांचा किणकिणाट, कपाटाच्या काचेची थरथर, पत्र्याचा खडखडाट, खिडकीची कडी. हे सगळं त्याच खोलीत, त्याच माइकवर वेगळं रेकॉर्ड करावं. फडताळाला मागून दोरी बांधून हलवलं की चित्रही मिळतं आणि आवाजही. भिंतीवरून थोडी माती पडायला हवी असेल तर चाळलेली माती पातळ फडक्यात बांधून वरून हलकेच झटकावी. चुना वापरू नये, डोळ्यांत गेला तर भारी पडतं.

उजेडाचं गणित तुलनेने सोपं आहे. आपल्या विजेची वारंवारता ५० हर्ट्झ, म्हणून शटर (प्रत्येक चित्रासाठी कॅमेरा उजेड घेतो तो वेळ) सेकंदाच्या ५० व्या किंवा १०० व्या भागावर कुलूपबंद करावं, नाहीतर ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी पडद्यावर लुकलुकतात. मोबाइलचा मूळ कॅमेरा शटर आपोआप बदलतो, ते हाताने पक्कं करू देणारं अ‍ॅप वापरावं. इन्व्हर्टरवर काही एलईडी वेगळ्याच लुकलुकतात, तेव्हा लाइट गेल्यावर तसंच पुढे चालू ठेवण्याआधी दहा सेकंद चित्रित करून तपासावं. खिडक्यांना काळा कागद लावून एकच फट ठेवायची आणि बाहेरून त्या फटीतून एक तीव्र दिवा सोडायचा. बाहेर काहीतरी आहे हे एवढ्यानं कळतं. मेणबत्त्या दाखवायच्या असतील तर त्यांच्याच उजेडावर विसंबू नये, चौकटीबाहेरून एक पिवळसर दिवा द्यावा. खिडक्या बंद असलेल्या खोलीत उदबत्त्यांचा ढीग, टायर, रॉकेल असलं काही धुरासाठी पेटवू नये. मे महिन्यात लातूर-परभणीकडे पारा ४० च्या वर असतो, तेव्हा चित्रण रात्री दहानंतर ठेवावं आणि दर वीस-पंचवीस मिनिटांनी दार उघडून सगळ्यांना बाहेर काढावं.

एका खोलीच्या लघुपटाचा मोठा फायदा फार कमी लोक घेतात. जागा बदलायची नसल्याने चित्रण गोष्टीच्या क्रमाने करता येतं, त्याला जास्तीचा पैसा लागत नाही. दाढी वाढत जाते, मेणबत्ती आखूड होत जाते, २० लिटरच्या जारमधलं पाणी उतरत जातं, नटांचा आवाज बसत जातो, आणि हे सगळं खरोखर त्याच क्रमाने घडतं. तरी जारवर प्रत्येक प्रसंगाच्या सुरुवातीला मागच्या बाजूने पुसता येणाऱ्या पेनाने खूण करावी आणि मोबाइलवर फोटो काढून ठेवावा. भांडण खाण्याच्या वस्तूवरून असेल तर हिशेब आधी करावा. एक शेंगदाण्याचा लाडू, तीन कोनांतून प्रत्येकी पाच टेक, म्हणजे पंधरा लाडू, वर पाच जास्तीचे. चौदाव्या लाडवाला नटाच्या चेहऱ्यावरची भूक संपलेली असते, म्हणून खाण्याचा क्लोजअप सगळ्यात आधी घ्यावा.

इतका तपशील लिहिण्याचं कारण आपला मुलूख आहे. जगबुडी ही मराठवाड्याला सिनेमातून कळलेली गोष्ट नाही. ३० सप्टेंबर १९९३, गणपती विसर्जनाच्या रात्रीनंतरची पहाट. किल्लारी आणि आसपासच्या गावांत दगड-मातीच्या जाड भिंती आणि माळवदाखाली हजारो माणसं गेली. त्या आठवणीवर विनोद होऊ शकत नाही, होऊही नये. पण संकटात वाचलेल्या माणसाच्या कोत्या, हट्टी, जीव धरून राहणाऱ्या स्वभावावर विनोद होऊ शकतो, आणि हा लघुपट नेमका तिथेच उभा आहे. मेलेल्यांकडे तो बोट दाखवत नाही, आतल्या दोघांकडेच बघतो. कोणत्या बाजूला उभं राहून हसायचं हे त्याला कळलं आहे, आणि नव्या मुलांनी उचलायचीच असेल तर ही समज उचलावी.

दुसरं असं की प्रलय म्हटला की आपल्या डोळ्यापुढे पाणी येतं, आणि मराठवाड्याचा प्रलय पाणी नसण्याचा आहे. इथे जग बुडत नाही, आटतं. मार्च २०१६ मध्ये लातुरात पाण्याच्या टाक्यांभोवती भांडणं होऊ नयेत म्हणून जमावबंदी लावावी लागली, आणि एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं. पहिली गाडी दहा वाघिणींची, साधारण पाच लाख लिटरची. शिकवण्यांसाठी आलेल्या मुलांनी भरलेल्या त्या शहरात एका खोलीत दोन कॉट, दोन पोरं, एक जार आणि बाहेर जगाचा शेवट. ‘जारला हात लावायलास तू?’ ‘तोंड धुवायलाव.’ ‘जग संपायलंय आन् तू तोंड धुवायलास?’ एवढ्यात गोष्ट चालू होते. ‘करायलास’, ‘जायलाव’ ही क्रियापदं भांडणात फार छान ठेका धरतात, पण एक पथ्य पाळावं. बोली हीच गंमत म्हणून विकू नये. टीव्हीवर मराठवाड्याची बोली बहुधा बावळट नोकराच्या तोंडी घालतात. इथे दोघंही तीच बोलतात, म्हणून हसू बोलीला येणार नाही, भांडणाला येईल. अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात मराठवाड्यातल्या लघुपटांची वेगळी स्पर्धा असते, तिथे अशा गोष्टीला हक्काचा प्रेक्षक मिळेल.

मूळ लघुपटाच्या उणिवाही सांगायला हव्यात. भाषा शिवराळ आहे, घरच्या मंडळींसोबत बसून बघण्यासारखी नाही. दोन्ही नटांची आधीची कामं ज्याने पाहिली नाहीत त्याला काही टोमणे वरून जातील. आणि दोघांचा सूर बराच वेळ एकाच उंचीवर राहतो. बतावणीतला कसलेला सोंगाड्या मध्येच एकदम खाली येतो, कुजबुजतो, आणि पुढचा दणका मग जास्त लागतो. तो उतार इथे कमी पडतो. दहा मिनिटांचा असल्याने निभावून जातं, वीस मिनिटांचा असता तर कान थकले असते.

आता तो मिळवायचा कसा. ओटीटीवर मोठा सिनेमा सापडला तरी पुरवणी साहित्य बहुधा सोबत येत नाही, त्यामुळे त्या वाटेने लघुपट मिळेल अशी आशा धरू नये. खात्रीची वाट ‘धिस इज द एंड’च्या ब्लू-रेची. घेण्याआधी वेष्टणाच्या मागच्या बाजूचा फोटो मागवा आणि दोन गोष्टी बघा. पहिली, पुरवणी साहित्याच्या यादीत लघुपटाचं नाव आहे का. ब्लू-रेवर आहे म्हणून त्याच सिनेमाच्या डीव्हीडीवर तो असेलच असं धरून चालू नका. दुसरी, विभागाची खूण, म्हणजे डिस्क जगाच्या कोणत्या भागातल्या प्लेअरवर चालेल ते. ब्लू-रेसाठी अमेरिका ए विभागात, युरोपचा बराचसा भाग बी मध्ये आणि भारत सी मध्ये येतो. एखादी डिस्क फक्त ए विभागाची असेल तर इथे विकत घेतलेल्या साध्या प्लेअरवर ती चालणार नाही. पृथ्वीच्या गोलाच्या छोट्या चिन्हावर ए, बी, सी तिन्ही अक्षरं असतील तर निर्धास्त घ्या. डीव्हीडीची विभागणी वेगळी आहे, तिथे अमेरिका १ आणि भारत ५.

लॅपटॉपच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये ब्लू-रे घालून उपयोग नाही. डीव्हीडी ६५० नॅनोमीटरच्या तांबड्या लेझरने वाचली जाते, ब्लू-रेला ४०५ नॅनोमीटरचा निळा-जांभळा लेझर लागतो, त्यामुळे तो ड्राइव्ह डिस्क ओळखतच नाही. बाहेरून जोडायचा ब्लू-रे ड्राइव्ह घेतला तरी सोबत परवाना असलेला प्लेअर सॉफ्टवेअर लागतो, फुकटचे प्लेअर नक्कल रोखण्यासाठी कुलूपबंद केलेली डिस्क सहसा उघडत नाहीत. डिस्कची फट असलेल्या प्लेस्टेशन ३ किंवा त्यानंतरच्या प्लेस्टेशनवर ब्लू-रे चालते, पण विभागाचं बंधन तिथेही आहे. आणि कॉम्प्युटरच्या डीव्हीडी ड्राइव्हचा विभाग बदलायची संधी फक्त पाच वेळा मिळते. पाचव्यांदा जो ठेवला तो कायमचा, म्हणून सायबर कॅफेतल्या किंवा कॉलेजच्या मशिनवर हा उद्योग करू नका.

डिस्क हाती आली की मोठा सिनेमा लावायचा मोह टाळा. आधी पुरवणीत जाऊन लघुपट पाहा, मग आवाज पूर्ण बंद करून एकदा पाहा आणि कुणाच्या चेहऱ्यावर किती वेळ कॅमेरा थांबतो ते मोजा, मग डोळे मिटून एकदा ऐका. त्यानंतर मोठ्या सिनेमातला अन्नधान्याच्या मोजदादीचा भाग लावा.